आदेशानंतरचं वर्ष

सरकारविरुद्धचा खटला जिंकलेला माणूस साधारण वर्षभराने माझ्याकडे परत येतो. पहिल्यांदा आला तेव्हा त्याच्याकडे अर्ज आणि पोचपावत्यांची पिशवी असते. दुसऱ्यांदा येतो तेव्हा त्याच पिशवीत उच्च न्यायालयाच्या आदेशाची प्रत असते, आणि त्या आदेशाच्या आधारे केलेल्या नव्या अर्जांच्या नव्या पोचपावत्या. बाकी काही बदललेलं नसतं. पेन्शन सुरू झालेली नसते, जमिनीचा मोबदला आलेला नसतो, अनुकंपा यादीत मुलाचं नाव चढलेलं नसतं. तो विचारतो, "मॅडम, आपण जिंकलो होतो ना?"

मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात माझी वकिली या एका प्रश्नाभोवतीच जास्त झाली. हे खंडपीठ १९८१ साली सुरू झालं आणि १९८४ मध्ये त्याला कायम स्वरूप मिळालं. मराठवाड्यातल्या माणसाला न्यायासाठी मुंबई गाठावी लागू नये, ही त्यामागची मागणी होती. न्यायालय जवळ आलं. आदेशाची अंमलबजावणी करणारी फाईल मात्र अजूनही मुंबईला जाते, आणि ती परत येईपर्यंत जे वर्ष सरतं त्याबद्दल मला लिहायचं आहे.

न्यायालयाचा अवमान म्हटलं की बहुतेकांना न्यायाधीशांवरची टीका किंवा भर कोर्टातला आरडाओरडा आठवतो. तो फौजदारी अवमान. माझा संबंध दिवाणी अवमानाशी, म्हणजे न्यायालयाचा आदेश किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून न पाळण्याशी. १९७१ चा कायदा त्यासाठी सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही सांगतो. दोन हजारांचा आकडा तेव्हापासून तसाच आहे. आदेश पाळला गेला नाही एवढ्यावर अवमान ठरत नाही. आदेश माहीत होता, पाळणं शक्य होतं आणि तरी पाळला नाही, हे दाखवावं लागतं. म्हणून या कामातला सगळ्यात मोलाचा कागद म्हणजे आवक शिक्का मारलेली प्रत. आदेश स्पीड पोस्टानं पाठवावा, ईमेल करावा, पण पक्षकारानं स्वतः जाऊन आवक-जावक टेबलावर द्यावाच. शिक्का, तारीख, आवक क्रमांक आणि घेणाऱ्याची सही. शिक्क्यातली तारीख पुसट उमटली असेल तर मी माणसाला परत पाठवते. त्याला ते जाचक वाटतं, पण पुढे "आम्हाला आदेश मिळालाच नव्हता" असं शपथपत्र येतं तेव्हा तो शिक्काच उपयोगी पडतो.

एका प्राथमिक शिक्षकाच्या पत्नीचं प्रकरण मी विसरू शकत नाही. नवरा सेवेत असताना गेला. त्याच्या सुरुवातीच्या काही वर्षांची सेवा धरायची की नाही यावरून कुटुंब निवृत्तिवेतन अडलं होतं. उच्च न्यायालयानं सेवा धरा म्हणून सांगितलं, थकबाकीसह बारा आठवड्यांत पैसे द्या म्हणून सांगितलं. आदेश स्वच्छ होता, त्यात दोन अर्थ निघण्याची सोय नव्हती. बाई दर महिन्याला एसटीनं तालुक्याहून जिल्ह्याला जायच्या. तिथले भाऊसाहेब चांगले होते. बसायला खुर्ची द्यायचे, पाणी विचारायचे. तीन-चार फेऱ्या झाल्यावर त्यांनी फाईल उघडून दाखवली. आत थकबाकीचा पूर्ण हिशेब पेन्सिलनं मांडून ठेवलेला होता, महागाई भत्त्याच्या प्रत्येक टप्प्यासह. वर एक पत्र होतं, वरिष्ठ कार्यालयाचं मार्गदर्शन मागणारं. त्याखाली स्मरणपत्र, त्याखाली दुसरं स्मरणपत्र. शेरा होता, "मार्गदर्शन अप्राप्त." भाऊसाहेब बाईंना म्हणाले, "ताई, तुम्ही कंटेम्प्ट टाका. कंटेम्प्ट लागल्याशिवाय साहेब सही करणार नाहीत."

हे ते आवाज खाली आणून, मनापासून म्हणाले होते. आपल्याच कार्यालयाविरुद्ध खटला भरा असं सांगणारा तो माणूस बाईंचा हितचिंतक होता. हे वाक्य मी नंतर इतक्या कार्यालयांतून, इतक्या पक्षकारांच्या तोंडून ऐकलं, की ते एका माणसाचं मत राहिलं नाही. ती कामाची रीत आहे हे कळलं.

ती रीत का आहे, हे मला कळलं ते दुसऱ्या बाजूला गेल्यावर. मधली काही वर्षं मी सहायक सरकारी वकील होते. तोपर्यंत मला वाटायचं, अधिकारी आदेश पाळत नाहीत ते मग्रुरीपोटी. तसे काही असतातच, आणि त्यांच्याबद्दल मला अजूनही चीड आहे. पण सरकारी वकिलाच्या कार्यालयात माझ्यासमोर बसलेले बहुतेक अधिकारी मग्रूर नव्हते, ते घाबरलेले होते. भीती न्यायालयाची नव्हती. भीती होती लेखापरीक्षणाची. आज आपण आदेशाप्रमाणे अकरा लाखांची थकबाकी मंजूर केली आणि उद्या कुणी विचारलं, की अपील का केलं नाहीत, वित्त विभागाची संमती कुठे आहे, लेखाशीर्षाखाली तरतूद नसताना पैसे दिलेत कसे, तर उत्तर आपल्याला एकट्याला द्यायचं. आक्षेप निघाला तर वसुली आपल्या पगारातून. सही न करण्याबद्दल मात्र कुणीही विचारत नाही.

आणि मग अवमान याचिकेची नोटीस येते. त्या दिवशी फाईलवरची टिपणी बदलते. "मा. उच्च न्यायालयाच्या अवमानाची कारवाई टाळण्यासाठी तातडीनं मान्यता आवश्यक." हे एक वाक्य आलं की कक्ष अधिकाऱ्यापासून सचिवांपर्यंत सगळ्यांच्या सह्या भराभर होतात, कारण आता सही करणाऱ्याला कुणी दोष देणार नाही. अवमानाची नोटीस अधिकाऱ्याला शिक्षेची भीती घालते असं आपण बाहेरून समजतो. मी आतून पाहिलं ते असं, की ती नोटीस त्याला सही करायला संरक्षण देते. त्या संरक्षणाचा खर्च कोण भरतं? जिंकलेला माणूस. वकिलाची दुसरी फी, दुसरी प्रमाणित प्रत, पुन्हा तारखा, पुन्हा एसटी. ही गोष्ट मला तेव्हाही संतापजनक वाटली आणि आजही वाटते. आपल्या अधिकाऱ्याला निर्धास्तपणे सही करता यावी म्हणून राज्य एका विधवेला दुसऱ्यांदा कोर्टाची पायरी चढायला लावतं.

रिट याचिकेत प्रतिवादी असतो तो "महाराष्ट्र शासन, सचिवांमार्फत". आदेशही त्यालाच होतो. पण शासन नावाचा कुणी माणूस खुर्चीवर बसलेला नसतो. अवमान याचिकेत पहिल्यांदा माणसाचं नाव लिहावं लागतं, आणि ते नाव शोधणं हे एक वेगळंच काम आहे. मोठ्या साहेबांच्या दालनात खुर्चीच्या मागे भिंतीवर एक लाकडी फलक असतो. आतापर्यंत त्या पदावर कोण कोण होतं, कधीपासून कधीपर्यंत, ते पांढऱ्या अक्षरांत लिहिलेलं. आम्ही वकील त्या फलकाचे जाणकार झालो आहोत. आदेश कार्यालयात पोचला त्या तारखेला कोण होतं, मुदत संपली तेव्हा कोण, आणि आज कोण. कित्येकदा तिन्ही नावं वेगळी निघतात. जो होता तो बदलून गेला, आणि जो आला त्याला हे प्रकरण ठाऊकच नाही.

सरकारी वकील असताना असाच एक अधिकारी माझ्याकडे आला होता. पदावर येऊन जेमतेम दोन महिने झालेले, आदेश तीन वर्षांपूर्वीचा, आणि आता अवमानाची नोटीस त्याच्या नावानं. त्याच्या हातात फाईल नव्हती. ती सापडत नव्हती. कार्यभार घेताना मिळालेल्या यादीत न्यायालयीन प्रकरणांची संख्या लिहिली होती, प्रकरणं लिहिली नव्हती. त्यानं मला विचारलं, "मॅडम, माझ्या मुलीला कुणी सांगितलं की बाबांवर कोर्टाची केस आहे, तर मी काय सांगू?" मी त्याला म्हटलं, शपथपत्रात खरं ते लिहा आणि तारीख सांगा, आदेश कधीपर्यंत पाळाल ती. त्यानं रविवारी कार्यालय उघडून फाईल शोधली आणि दिलेल्या तारखेच्या आत आदेश पाळला. मी अनेक अधिकाऱ्यांची शपथपत्रं केली, पण इतकं सरळ शपथपत्र क्वचित केलं. पदाचं नाव आदेशात असतं तोवर आदेश कुणाचाच नसतो. माणसाचं नाव आलं की तो कुणाचा तरी होतो. हे त्या प्रकरणानं मला शिकवलं, आणि पुढे खासगी वकिलीत परतल्यावर मी कामाची पद्धतच त्यावर बेतली.

तारखेच्या दिवसाबद्दल थोडं. अवमान याचिका बोर्डावर लागते तेव्हा बहुतेकदा आदल्या रात्री काम झालेलं असतं. सकाळी साडेदहाला सरकारी वकील हातात ताजा आदेश घेऊन उभे असतात, कधी कधी त्यावरची शाई बोटाला लागेल इतका ताजा. शासन निर्णयावर कालची तारीख असते. महिनोन्‌महिने जे शक्य नव्हतं, ते एका संध्याकाळी झालेलं असतं. न्यायालय नोंद करतं, की आदेशाचं पालन झालं, अवमान याचिका निकाली. दोन मिनिटांत प्रकरण संपतं. पक्षकार आनंदानं रडतो आणि मी त्याच्यासोबत आनंदी असते, पण एक प्रश्न मनातून जात नाही. एका संध्याकाळी होण्यासारखं होतं, तर ते कुणाच्याही याचिकेशिवाय का झालं नाही?

अधिकाऱ्यांना समक्ष हजर राहायला लावण्यावरून बरीच चर्चा झाली आहे. जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं उत्तर प्रदेशातल्या निवृत्त न्यायाधीशांच्या सुविधांबाबतच्या प्रकरणात याबद्दल कार्यपद्धती ठरवून दिली. अधिकाऱ्यांना सरसकट बोलावू नये, बोलवायचंच तर आधी दूरदृश्य प्रणालीचा पर्याय द्यावा, त्यांच्या पोशाखावर, दिसण्यावर शेरे मारू नयेत. मला हे पटतं. सचिव दिवसभर कोर्टाच्या बाकावर बसले म्हणून आदेशाला बळ येत नाही. तेवढ्या वेळात इतर पन्नास माणसांच्या फाईली अडतात. माझा आग्रह हजेरीचा नाही, नावाचा आणि तारखेचा आहे. कोण करणार आणि कधीपर्यंत, हे शपथेवर लेखी यावं. ते आलं की माणूस मुंबईत बसून पडद्यावर दिसला तरी चालतं.

सगळ्यात जास्त दुःख देणारी प्रकरणं वेगळीच असतात. आदेशात न्यायालयानं म्हटलेलं असतं, की अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या. पक्षकाराला वाटतं आपण जिंकलो. पेढे वाटतो. आठव्या आठवड्यात कार्यालय निर्णय घेतं, की निवेदन फेटाळण्यात येत आहे. आदेश पाळला गेला. अवमान याचिकेत काही उरत नाही, कारण अवमानाचं न्यायालय मूळ आदेशाच्या पलीकडे जाऊन नवा हक्क देऊ शकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं वारंवार सांगितलं आहे. त्या माणसाला पुन्हा पहिल्यापासून रिट करावी लागते, फेटाळलेल्या निर्णयाविरुद्ध. माझ्या हाताखालच्या तरुण वकिलांना मी सांगते, की असा आदेश मिळत असेल तर कोर्टासमोर उभं राहून नम्रपणे विचारा, निर्णय कोणत्या निकषावर घ्यायचा तेही लिहावं का. हे मागताना संकोच वाटतो, समोर बोर्डावर शंभर प्रकरणं असतात. तरी मागावं. अर्ध्या ओळीनं माणसाची तीन वर्षं वाचतात.

जमिनीच्या मोबदल्याची गोष्ट निराळी. पाझर तलावासाठी गेलेली जमीन, दिवाणी न्यायालयानं वाढवून दिलेला मोबदला, तो हुकूमनामा. हुकूमनामा असेल तर अवमानाचा रस्ता सहसा घेता येत नाही. दरखास्त करावी लागते, तीही सरकारविरुद्ध असल्यानं दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ नुसार तीन महिने थांबून. मग जप्तीचं वॉरंट आणि बेलिफ. एका दरखास्तीत मी स्वतः बेलिफासोबत गेले होते. त्यांनी पंचनामा सुरू केला: लाकडी खुर्च्या, प्रत्येकीच्या पाठीवर पांढऱ्या रंगात जडवस्तू क्रमांक; दोन संगणक; एक लोखंडी कपाट, आतले कागद वगळून. बाहेर व्हरांड्यात माझे पक्षकार उभे होते, ऐंशीच्या घरातले शेतकरी, डोक्याला पागोटं, हातात काठी. पाण्याखाली गेलेली जमीन त्यांच्या आजोबांची. कार्यालयातले लोक त्यांच्याकडे पाहायचं टाळत होते. खुर्च्या बाहेर निघायला लागल्यावर साहेबांनी आठवड्याची मुदत लेखी मागितली. शेतकरी मला म्हणाले, "ताई, त्यांच्या खुर्च्या नेऊन मी काय करू? माझे पैसे द्यायला सांगा."

या प्रकरणांत मला व्याजाचा हिशेब फार बोचतो. १८९४ च्या भूसंपादन कायद्याखाली वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी नऊ टक्के आणि त्यानंतर पंधरा टक्के दरसाल व्याज होतं. वाढीव रक्कम दहा लाख असेल, तर पहिल्या वर्षानंतर प्रत्येक वर्षाच्या दिरंगाईला दीड लाख. अधिकारी त्या जिल्ह्यात दोन-तीन वर्षं असतो, व्याज मात्र तिजोरीतून जात राहतं. खुर्च्या जप्त झाल्याची बातमी येते. त्या पंधरा टक्क्यांची बातमी येत नाही, आणि ते कुणाच्या गोपनीय अहवालातही लिहिलं जात नाही.

आता त्या वर्षाबद्दल. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हावी लागते. याचिका वर्षाच्या आत दाखल झाली की पुरे, हे सर्वोच्च न्यायालयानं २००१ साली पल्लव शेठ प्रकरणात स्पष्ट केलं. आदेशात बारा आठवडे दिले असतील तर ते संपल्यावर वर्ष सुरू होतं. गावाकडच्या माणसाला हे कोण सांगणार? त्याला कार्यालयात सांगितलं जातं, "फाईल मुंबईला गेली आहे, होऊन जाईल." तो विश्वास ठेवतो. सरकारवर विश्वास ठेवणं हा त्याचा गुन्हा ठरतो.

असाच एक निवृत्त शिपाई आला होता, आदेशाला तीन वर्षं होऊन गेल्यावर. दरम्यान त्यानं पाठवलेल्या प्रत्येक पत्राला उत्तर आलं होतं, "आपला प्रस्ताव विचाराधीन आहे." ती सगळी उत्तरं त्यानं तारीखवार लावून, कोपऱ्यात दोरा ओवून जपली होती. त्याच्या हिशेबानं ती त्याची ताकद होती. कायद्याच्या हिशेबानं त्यातलं प्रत्येक पत्र त्याला मुदतीच्या बाहेर ढकलत होतं. अवज्ञा रोज चालूच आहे, म्हणून मुदत संपत नाही, असा युक्तिवाद पूर्वी काही प्रकरणांत चालायचा. जुलै २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तिरुपती राव प्रकरणात त्याची वाट बरीच अरुंद केली. त्या शिपायासाठी आम्ही आधीच्या आदेशाच्या अंमलबजावणीसाठी नवीन रिट केली. ती मंजूर झाली, पैसे मिळाले. पण त्याच्यासारखे जे वकिलाकडे परत आलेच नाहीत, त्यांची मोजदाद कोण करतं? निकाली निघालेल्या याचिका मोजल्या जातात. निकाल लागूनही हातात काही न पडलेली माणसं मोजली जात नाहीत.

अपिलाचंही सांगायला हवं. अवमानाची नोटीस आली की काही विभागांना अचानक आठवतं, की आपल्याला मूळ आदेश मान्यच नव्हता. मग दोन-तीन वर्षांच्या विलंबाच्या माफीच्या अर्जासह दिल्लीला याचिका. नुसतं अपील दाखल केलं म्हणून आदेशाला स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मिळवावी लागते. पण "अपील प्रस्तावित आहे" एवढ्या वाक्यावर तारखा घेतल्या जातात. ऑक्टोबर २०२० मध्ये मध्य प्रदेश शासनाच्या एका उशिरा आलेल्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयानं अशा प्रकरणांना 'सर्टिफिकेट केस' म्हटलं होतं. याचिका फेटाळल्याचा शिक्का मिळवायचा, म्हणजे दिरंगाईला कुणी जबाबदार राहत नाही, यासाठीच ती दाखल होते, अशा अर्थानं. पंचवीस हजारांचा खर्च लादला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करायला सांगितलं. ते वाचलं तेव्हा सरकारी वकील म्हणून पाहिलेल्या कितीतरी टिपण्या डोळ्यांसमोर आल्या.

शिक्षा होते का, असं लोक विचारतात. होते, पण दुर्मीळ. १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अयोध्येच्या प्रकरणात दिलेली हमी मोडल्याबद्दल उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याण सिंह यांना एक दिवसाची प्रतीकात्मक कैद आणि दोन हजार रुपये दंड दिला होता. महाराष्ट्रातलं उदाहरण मे २००६ चं आहे. आरागिरण्यांबाबतचे आदेश डावलल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयानं राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव राहिलेले अशोक खोत या दोघांना एक महिन्याची कैद सुनावली. त्यांची माफी स्वीकारली नाही. मे २०२५ मध्ये आंध्रातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला, उच्च न्यायालयाच्या आदेशानंतरही गुंटूर जिल्ह्यातल्या झोपड्या पाडल्याबद्दल, सर्वोच्च न्यायालयानं तहसीलदार पदावर खाली आणलं आणि एक लाख रुपये दंड केला. उच्च न्यायालयानं दिलेल्या दोन महिन्यांच्या कैदेऐवजी ही शिक्षा दिली. मला ही शेवटची शिक्षा विचार करायला लावणारी वाटते. तुरुंगाच्या भीतीपेक्षा पदाची भीती नोकरशाहीला जास्त कळते.

पण माझ्या पक्षकारांपैकी फार थोड्यांना कुणाला तुरुंगात पाठवायचं होतं. ज्यांना हवं होतं त्यांनाही मी आधीच सांगते, की शिक्षा द्यायची की नाही हे न्यायालय आणि अवज्ञा करणारा यांच्यामधलं आहे. आपण फक्त खबर देणारे. न्यायालयानं माफी स्वीकारली तर कलम १९ खाली आपल्याला अपील नाही. ते शिक्षा झालेल्यालाच आहे. अन्याय सोसलेल्या माणसाला हे समजावणं हे या कामातलं सगळ्यात अवघड बोलणं.

खासगी वकिलीत परतल्यावर मी आदेश मिळाल्याच्या आठवड्यातच हिशेबाचा तक्ता करून घेऊ लागले. थकबाकी किती, कोणत्या महिन्यापासून, कोणत्या वेतनश्रेणीत, कोणत्या नियमाखाली. आदेशाच्या प्रतीला तो तक्ता आणि मंजुरी आदेशाचा मसुदा जोडायचा, कव्हरिंग पत्रात अधिकाऱ्याचं पदनामासोबत नाव लिहायचं आणि मुदतीचा शेवटचा दिवस तारखेनिशी टाकायचा. कलम २० ची तारीख पक्षकाराच्या आदेशाच्या पहिल्या पानावर लाल पेनानं लिहायची. भाऊसाहेबांना तयार तक्ता मिळाला की काम निम्मं होतं, आणि कित्येक प्रकरणं दुसऱ्या याचिकेशिवाय मार्गी लागली. सगळी लागत नाहीत. मार्गदर्शन मागण्याची सवय तक्त्यानं जात नाही.

त्यावर मी पाहिलेला सगळ्यात चांगला उपाय न्यायालयाच्याच हातात आहे. काही न्यायमूर्ती याचिका निकाली काढतानाच शेवटी एक ओळ घालतात, की पालन झाल्याचं कळवण्यासाठी प्रकरण अमुक तारखेला बोर्डावर ठेवा. याचिका संपलेली असते, पण तारीख जिवंत असते. त्या तारखेला सरकारी वकिलाला उभं राहून सांगावं लागतं, झालं की नाही. फाईलवर अधिकाऱ्याला लिहिता येतं, "प्रकरण पालनासाठी बोर्डावर आहे," आणि ज्या संरक्षणासाठी तो अवमानाची वाट पाहायचा ते त्याला पहिल्याच आदेशात मिळतं. जिंकलेल्या माणसाला वेगळी याचिका, वेगळी फी, काहीच लागत नाही. निवृत्तिवेतन, अनुकंपा, ग्रॅच्युइटी, जिथे फक्त रक्कम आणि दिवस ठरवायचा असतो, तिथे तरी ही ओळ नेहमीची व्हावी, असं मी आता जवळजवळ प्रत्येक याचिकेच्या अंतिम सुनावणीत मागते. कधी मिळते, कधी न्यायमूर्ती म्हणतात, "सरकार पालन करेलच, आत्ताच शंका कशाला?" पुढच्या आठवड्यात शिक्षकांच्या एका गटाची याचिका अंतिम सुनावणीला आहे. मागण्यांच्या शेवटी मी ती ओळ घातली आहे, आणि सोबत प्रत्येकाचा तक्ता.